नवरीच्या लुगड्यावर बिब्ब्याची खूण

संपादकांनी पत्रात लिहिलं आहे, "सिनेमाच्या कपड्यांच्या गमतीजमती लिहा, दिवाळीत वाचकांना बरं वाटेल." गमती आहेत, नाही असं नाही. पण त्या धंद्यातली एकही गंमत मला राग आल्याशिवाय आठवत नाही. तेव्हा राग लिहिते. गमती वाटेत भेटल्या तर भेटल्या.

आमचं दुकान गांधीबागेत, कापडबाजाराच्या मागच्या गल्लीत. घरधनी शिंपी, आणि लग्नानंतर दोन वर्षांत मीही शिंपीच. नागपुरात नाटक कंपनी उतरली की तिचा कपडेपट, म्हणजे कपड्यांच्या पेट्या आणि त्या सांभाळणारं खातं, पहिल्या आठवड्यातच आमच्याकडे येई. राजाच्या अंगरख्याची बाही उसवलेली, राणीच्या शालूला उंदरांनी कुरतडलेलं. मी बसून सांधायची. राणी म्हणजे मिशी काढलेला बाप्याच. एक राणी माझ्याकडे चोळी घट्ट करायला आली आणि म्हणाली, "बाई, श्वास घ्यायला जागा ठेवू नका, श्वास मी विंगेत घेतो." असल्या माणसांत माझी वीस वर्षं गेली, आणि बरी गेली.

नाटकाचा कपडा सोपा. प्रेक्षक दहा हातांवर. गोणपाटाला सोनेरी कागद लावला तरी तो दिव्यात भरजरी दिसतो. सिनेमाचा कपडा वेगळा, कारण कॅमेरा नाकाशी येऊन उभा राहतो. त्यातून त्याला रंग कळत नाहीत, नुसता उजेड आणि काळोख कळतो. पांढरंशुभ्र धोतर त्याच्यापुढे आणलं तर ते दिव्यासारखं पेटतं आणि माणसाचा चेहरा त्यापुढे काळवंडतो. म्हणून सिनेमात पांढरा कपडा पांढरा ठेवत नाहीत, चहात बुडवतात. मोठ्या हंड्यात चहाची पूड उकळायची, त्यात धोतरं घोळवायची, मळकट झाली की वाळत घालायची. पडद्यावर तीच परीटघडीची दिसतात. तांबडं काळपट दिसतं. पिवळं पांढुरकं दिसतं. हे सगळं मी एका म्हाताऱ्या कॅमेरावाल्याकडून शिकले. तो मला डोळ्याला लावायची एक काळपट काच देऊन गेला. ती अजून माझ्या कातरीच्या डब्यात आहे.

लढाईच्या दिवसांत मुंबईची एक बोलपटाची कंपनी रामटेकला आली. चित्र ऐतिहासिक, गडाच्या पायऱ्या आणि अंबाळ्याचा तलाव त्यांना हवा होता. कपडे सांभाळायला त्यांचा एक माणूस होता, त्याला सगळे ड्रेसवाला म्हणत. पण इकडच्या बायका कशा नेसतात हे त्याला ठाऊक नव्हतं, म्हणून कोणीतरी माझं नाव सुचवलं. डायरेक्टर स्वतः दुकानात आले. पुण्याकडचे, बोलायला गोड.

"बाई, आम्हाला खरी जुनी लुगडी हवीत," ते म्हणाले. "नवी बाजारात नाहीत, कापड तर कंट्रोलवर. तुम्ही खेड्यांतून उसनी मिळवून द्या. बायकांच्या कपड्यांचं सगळं तुमच्याकडे. आणि चित्राच्या सुरुवातीला नावं येतात ना, तिथे 'वेशभूषा' म्हणून तुमचं नाव घालू."

माझे घरधनी मशीनवरून मान वर न करता म्हणाले, "नाव येते म्हणून जाऊन राहिली का वं?"

मी म्हटलं, "काम आहे म्हणून."

ते खोटं होतं. वीस वर्षं दुसऱ्यांच्या टाळ्यांचे कपडे शिवले. एकदा आपलं नाव अंधारात सगळ्यांसमोर यावं, असं मला वाटलं. त्यात लाजण्यासारखं काही नाही, पण पुढे जे झालं त्याची सुरुवात तिथे आहे, म्हणून सांगून टाकते.

रामटेकच्या आसपासच्या खेड्यांत मी बैलाच्या दमणीतून हिंडले आणि सात लुगडी मिळवली. सहा साधी होती. सातवं सगुणाबाईचं.

सगुणाबाई धानाची शेती करणाऱ्या घरातली, पन्नाशीची, हाताला मोकळी आणि तोंडाला त्याहून. तिच्या लग्नात तिच्या मामानं दिलेलं अष्टपुत्री तिनं फडक्यात बांधून ठेवलं होतं. लग्नात नवरी गौरीहरापुढे बसते ती मामाकडचं हे पिवळं लुगडं नेसून. हळदीचा रंग, तांबडे रेशमी काठ, आणि काठात एक बारीक नक्षी, जी विणणारा कोष्टी आता नागपूरच्या इतवारी पेठेतही सापडत नाही. मी ते उलगडलं आणि मला दुसरं काही दिसेना.

"हे देत नाही," सगुणाबाई म्हणाली. "फाल्गुनात तुळसीचं लगन हाय. तिच्या मामानं सारं गांधीबाग पालथं घातलं, पिवळं रेशीमकाठी कोठीच नाही. कंट्रोलचं जाडंभरडं मिळते, ते नेसून का गौरी पुजते पोरगी? म्हून हेच नेसवतो म्हटलं."

तुळसा दारात सूप घेऊन उभी होती. ती म्हणाली, "दे ना वं माय. सिनेमात येईन आपलं लुगडं."

आत्ता पौष होता. कंपनीचं रामटेकचं काम माघात संपणार होतं. मी हिशेब केला आणि म्हटलं, "सगुणाबाई, माघ संपायच्या आत मी स्वतः आणून देते. धुणार नाही, बुडवणार नाही, कात्री लावणार नाही."

तिनं माझ्याकडे बराच वेळ पाहिलं. मग लुगडं माझ्या मांडीवर ठेवलं. "पाह्य शिंपीणबाई, मी हे तुले देऊन राहिली. त्या साहेबाले नाही. साहेबाले मी ओळखत नाही."

उसन्या कपड्याची माझी एक रीत आहे. ज्याचं त्याचं ओळखू यावं म्हणून पदराच्या आतल्या टोकाला रंगीत दोऱ्याचा एक टाका घालते. सगुणाबाईचा हिरवा. परत देताना टाका ओढून काढला की कपडा होता तसा. सातही लुगड्यांना टाके घालून मी ती रामटेकच्या धर्मशाळेत, कंपनी उतरली होती तिथे, पेटीत ठेवली. दुसऱ्या दिवशी आकड्या आणि बंद आणायला मला नागपूरला यावं लागलं. पेटीची किल्ली मी ड्रेसवाल्याकडे ठेवली. हे माझं चुकलं. आजही कोणी विचारलं तर पहिल्यांदा मी हेच सांगते.

मी संध्याकाळच्या गाडीनं परत आले तर ड्रेसवाला ओसरीवर बसलेला. समोर सातही लुगडी, शेजारी वाटीत चुना, हातात टाचणी आणि टाचणीच्या टोकाला बिब्बा. परीट कपड्यांवर खूण करतात तशी तो प्रत्येक लुगड्यावर कंपनीची खूण करत होता. ज्यांनी परीटघरचं काम पाहिलं नसेल त्यांना सांगते, बिब्ब्याचा रस कापडावर लावून वर चुना दाबला की काळा डाग पडतो. तो साबणानं जात नाही, लिंबानं जात नाही, कापड फाटेपर्यंत जात नाही. म्हणून तर परीट तो वापरतात. सगुणाबाईच्या अष्टपुत्रीच्या पदरावर, तांबड्या काठाला लागून, चार हातांवरून दिसेल असा काळा ठिपका होता. खाली एक आडवी रेघ.

नवरीच्या लुगड्यावर काळं. ज्या घरात मंडपात काळी चिंधी आली तरी म्हाताऱ्या ओरडतात, तिथे.

मी विचारलं, "हे तुम्हाला कोणी करायला सांगितलं?"

"सांगायचं काय त्यात?" तो म्हणाला. "कंपनीच्या पेटीत जे येतं त्याच्यावर कंपनीची निशाणी पडते. नाहीतर उद्या तुम्हीच म्हणाल, माझं लुगडं हरवलं."

"ही उसनी आहेत. प्रत्येकावर टाका आहे, तो दिसला नाही?"

"दोरे लोंबत होते, ते मी काढून टाकले."

टाके त्यानं नीट काढले होते, एकही धागा तुटला नव्हता. माणूस कामाला वाईट नव्हता. पण कापडाला मालक असतो, हे त्याच्या डोक्यात कधी शिरलंच नव्हतं. पेटीच्या आतलं ते कंपनीचं, बाहेरचं ते जगाचं, एवढंच त्याचं शास्त्र.

मी डायरेक्टरांकडे गेले. ते चहा पीत होते. "एवढासा ठिपका, बाई," ते म्हणाले. "कॅमेऱ्यात दिसणार नाही."

"कॅमेऱ्याचं कोण बोलतंय? त्या लुगड्यात एका मुलीचं लग्न व्हायचंय."

"हो का? वा," असं म्हणून त्यांनी बशी खाली ठेवली. त्यांना खरंच आनंद झाला होता. आपल्या चित्रातलं लुगडं खऱ्या लग्नात जाणार, यात त्यांना काहीतरी सुंदर दिसलं. ठिपका त्या सुंदरात कुठे बसत नव्हता, म्हणून त्यांनी तो पाहिला नाही. मला आयुष्यात ड्रेसवाल्याचा जितका राग आला, त्याच्या दुप्पट या आनंदाचा आला.

काम सुरू झालं. लिंबू, आंबट ताक, तिळाचं तेल, सगळं मी पदराच्या त्या कोपऱ्यावर करून पाहिलं. ठिपका अधिकच उठून दिसू लागला. नवरीचा प्रवेश होता, वरात गडाच्या पायऱ्यांवरून येते आणि नवरी सासरच्या दारात उभी राहते. नटीला मी स्वतः अष्टपुत्री नेसवलं, ठिपका आत दुमडून पदर खोचला आणि बजावलं, "हा खोचा सुटू देऊ नका." पोर चांगली होती, म्हणाली, "नाही सुटू देणार, मावशी." कंपनीच्या कॅमेरावाल्यानं आपल्या काचेतून पाहिलं आणि पिवळं फार भडकतंय, चहात बुडवा, म्हणाला. मी म्हटलं, उसना कपडा हंड्यात जात नाही. तो समजूतदार निघाला. त्यानं दिवा सरकवला आणि काम भागवलं. सगळ्या कंपनीत कपड्याबद्दल आदर होता तो या एका माणसाला, आणि त्याचा कपड्याशी काही संबंध नव्हता.

माघ सरत आला. शेवटच्या दिवशी सामान बांधताना सहा लुगडी माझ्याकडे परत आली, सहाही ठिपक्यासकट. सातवं पेटीतच राहिलं.

"ते आम्ही मुंबईला नेतोय," डायरेक्टर म्हणाले. "नवरी दारात उभी आहे ती इथे झाली. माप ओलांडून आत येते ते स्टुडिओत व्हायचंय. जोड बसायला पाहिजे. तुम्हाला सांगायला नको."

मला सांगायला नकोच होतं. सिनेमात दाराबाहेरचं आज घेतात, दाराच्या आतलं दोन महिन्यांनी, तिसऱ्याच गावात. प्रेक्षकाला मात्र ते एका पावलाचं अंतर वाटायला हवं. त्यासाठी तेच लुगडं, तोच खोचा, तेवढीच बाहेर आलेली कपाळावरची बट. जोड सांभाळणं हाच तर माझा धंदा. त्यांचं म्हणणं धंद्याच्या दृष्टीनं शंभर टक्के बरोबर होतं.

"परत कधी मिळेल?" मी विचारलं.

"होळी झाली की लगेच पाठवतो."

"लग्न होळीच्या आधी आहे."

"मग त्यांना दुसरं काहीतरी घ्यायला सांगा ना, बाई."

"दुसरं मिळत नाही म्हणून तर तुम्ही हे उसनं मागितलंत."

उत्तर ड्रेसवाल्यानं दिलं. तो पेटीवर हात ठेवून म्हणाला, "निशाणी कंपनीची आहे. यादीत कंपनीचा माल म्हणून चढलंय. आता साहेबांच्या हुकुमाशिवाय पेटीतून काही निघत नाही."

डायरेक्टर जरा नरम आवाजात म्हणाले, "बाई, तुमच्या नावाचा विचार करा. मुंबईतही तुमच्यासाठी काम आहे. एका लुगड्यासाठी कशाला वाकडं घेता?"

बोलून कपडा मिळत नसतो. दुपारी नटीची शेवटची छबी घ्यायची होती, नुसता चेहरा आणि पदर, गाडीच्या आधी. त्यासाठी अष्टपुत्री पेटीतून बाहेर आलं. मी नेसवलं. काम झाल्यावर मीच सोडवलं. बायकांच्या खोलीचं दार लावलं आणि माझं लुगडं फेडून आधी ते नेसले, वरून माझं. नटी बघत होती. ती म्हणाली, "मावशी, फार जाड दिसताय." आणि माझी निरी मागून सारखी करून दिली.

ड्रेसवाल्यासाठी मी घडी करून ठेवली ती चहात बुडवलेल्या धोतराची, वरून धोतराच्याच तांबड्या काठाची एक पट्टी दिसेल अशी. त्यानं वर वर पाहिलं आणि पेटीला कुलूप लावलं. मी ओसरीवर डायरेक्टरांना नमस्कार केला. एकावर एक दोन नऊवारी, म्हणजे अंगावर अठरा वार. माघातल्या उन्हात घाम पाठीवरून ओघळत होता, आणि सगुणाबाईच्या रेशमी काठाला तो लागेल याची मला सगळ्यात जास्त धास्ती होती. लोक म्हणतात, ही चोरी झाली. ज्याचं त्याला नेऊन देण्याला चोरी म्हणत असतील तर कोतवाली कोणासाठी आहे, ते मला कळत नाही.

सगुणाबाईच्या घरी मी आतल्या खोलीत जाऊन वरचं लुगडं सोडलं. तुळसा हसू लागली. सगुणाबाई हसली नाही. तिनं पदर हातात घेतला आणि तिचं बोट आपोआप ठिपक्यावर थांबलं.

"हे का होय?"

मी सांगितलं. किल्लीचंही सांगितलं. म्हटलं, "एवढा कोपरा कापते आणि वरून त्याच रंगाच्या रेशमाची किनार घालते. कोणाला कळणार नाही."

"कात्री लावत नाही म्हटली होती ना वं तू?"

"म्हटलं होतं."

"मंग नोको लावू. लग्नाच्या लुगड्याले कात्री लावत नसतात." तिनं तुळसेकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "लेकराच्या गालाले तीट लावतोच ना आपण, नजर लागू नये म्हून? तसंच समजू. लावणाऱ्याचे हात मात्र जळून जावो."

तुळसेचं लग्न त्याच लुगड्यात झालं. मी गेले होते. गौरीहरापुढे ती बसली तेव्हा ठिपका आत दुमडलेला होता, मीच नेसवलं होतं. वऱ्हाडातल्या एका बाईनं तरी तो पाहिला आणि शेजारणीच्या कानात काही सांगितलं. सगुणाबाईनं तिच्याकडे असं पाहिलं की तिनं उरलेलं वाक्य गिळलं. पण मला ते तीट वगैरे काही पटलं नाही. सोसणाऱ्यानं चांगला अर्थ लावला म्हणून करणाऱ्याचं चांगलं होत नाही. सगुणाबाईनं सोडून दिलं, तो तिचा मोठेपणा. मी सोडलेलं नाही.

कंपनीचं एक पत्र आलं. त्यात विश्वासघात हा शब्द होता. मी उत्तरात बिब्बा कापडातून कसा काढायचा ते विचारलं. पुढे पत्र आलं नाही.

पुढच्या साली चित्र नागपुरात लागलं. सगुणाबाई आणि तुळसा रामटेकहून आल्या, आणि आम्ही तिघी सीताबर्डीवरच्या थेटरात जनानी बाकांवर जाऊन बसलो. नावं आली. 'वेशभूषा' या शब्दाखाली ड्रेसवाल्याचं नाव होतं, चांगल्या ठळक अक्षरांत. सुई धरायची कशी हे त्याला माहीत नव्हतं.

"तुहं नाव कोणतं?" सगुणाबाईनं विचारलं. तिला वाचता येत नव्हतं.

"नाही आलं."

"काहून?"

"लुगडं आणलं म्हणून."

वरातीचा प्रवेश आला. पायऱ्यांवरून नवरी उतरली, पांढुरकं, राखाडी काहीतरी नेसलेली. सगुणाबाई माझ्या कानाशी म्हणाली, "हे आपलं नाही. आपलं पिवळं होतं."

"आपलंच आहे. पडद्यावर तसं दिसतं."

"नाही वं. मी का आपलं लुगडं ओळखत नाही?"

तेवढ्यात वाऱ्यानं नटीचा खोचा सुटला. पदर भुरभुरला आणि कॅमेरा जवळ आला. हळद गेली होती, तांबडे काठ काळपट झाले होते, कोष्ट्याची नक्षी धुरात विरल्यासारखी झाली होती. ठिपका मात्र जसाच्या तसा होता, काळा, खाली रेघ, पाच हात मोठा. कॅमेऱ्याला काळंच नीट कळतं.

"हाव," सगुणाबाई म्हणाली. "आपलंच होय."

नवरी दारात उभी राहिली. माप लवंडून ती आत आली तेव्हा तिच्या अंगावर दुसरंच लुगडं होतं, फुलाफुलांचं, मुंबईचं. थेटरातल्या एकाही माणसाच्या लक्षात आलं नाही. वर्तमानपत्रातल्या परीक्षणात वेशभूषेची तारीफ होती.

त्यानंतर मी सिनेमाचं काम घेतलं नाही असं नाही. घेते. पोटाचा धंदा आहे आणि मला तो येतो. पण उसना कपडा कोणासाठीही आणत नाही, आणि माझ्या पेटीची किल्ली माझ्या कमरेला असते. तुळसेला आता मुलगी झाली आहे. सगुणाबाईनं अष्टपुत्री परत फडक्यात बांधून ठेवलंय. परवा रामटेकला गेले तेव्हा तिनं ते उलगडून दाखवलं. पदराच्या आतल्या टोकाला, ठिपक्याच्या शेजारी, हिरव्या दोऱ्याचा एक टाका होता. वाकडा घातलेला, शिकलेल्या हाताचा नव्हे.

मी विचारलं, "हा कोणी घातला?"

"मीच घातला," ती म्हणाली. "कोणाचं होय ते कळाले पाहिजे ना."